थांबा क्रमांक सात

नांदेडला, शिलाईच्या दुकानावरच्या खोलीत
भिंतींना गाद्या टेकवून
मी हा सगळा किल्ला बोलले.
अकरा थांबे. थांब्यामागे दीडशे रुपये.
खाली मशीन सुरू झाली की
रेकॉर्डिंगवाला पोरगा हात वर करायचा
आणि मी खंदकाच्या काठावर
अर्धं वाक्य तोंडात धरून
उभी राहायचे.

तेव्हा कंधार पाहिलं नव्हतं.
कागदावर होतं : उजवीकडे वळा.
मी म्हटलं, उजवीकडे वळा.

आज वळतेय.
कानात माझाच आवाज, माझ्या दोन पावलं पुढं,
साडीत न अडखळता पायऱ्या उतरणारा.
"आता समोर कडुलिंबाचं झाड दिसेल."
समोर बुंधा आहे,
त्यावर कुणीतरी वाळत घातलेल्या मिरच्या.
"झाडाखाली क्षणभर विसावा."
मी उन्हात विसावते.

तिसऱ्या थांब्यावर ती म्हणते, इथली शांतता अनुभवा,
आणि शाळेची सहल येते,
शिट्टीसकट.

सातवा थांबा किल्ल्याबाहेर.
तळं. नाव जगत्तुंग समुद्र.
राष्ट्रकूटांच्या वेळचं म्हणतात,
आणि इथून कुठल्याही दिशेला निघा,
समुद्र यायला एक अख्खी रात्र एसटीत काढावी लागते.
ज्यानं हे नाव ठेवलं
त्यानं खरा पाहिला असेल का,
की ऐकलाच असेल नुसता
कुणा दमलेल्या वाटसरूच्या तोंडून,
जसं मी न पाहता कंधार सांगितलं?

"थांबा. डोळे मिटा. ऐका."
आणि मग लाटा.
खऱ्या, खारट, दगडावर फुटणाऱ्या,
पोरानं कुठूनशा उतरवून घेतलेल्या.
मागं एक पक्षी ओरडतो,
त्याला इकडं नाव नाही.
डोळे उघडते. मे महिना.
पाणी आत सरकलंय,
काठाला तडकलेल्या चिखलाच्या पोळ्या,
एक म्हैस गळ्यापर्यंत बुडून
रवंथ करतेय.

गंगासागरबाई जाळं सांधत बसलेल्या.
"कानात काय घातलाव?"
मी एक बोंड काढून दिलं.
त्यांनी ते आधी पदराला पुसलं,
मग दुखऱ्या कानात तेलाचा बोळा ठेवावा
तसं हळूच बसवलं.
मी सुरुवातीपासून लावलं.
बराच वेळ ऐकलं त्यांनी.
"हे आपलं पाणी न्हाई," म्हणाल्या.
"आपलं इतकं बोलत न्हाई.
कुणाशी भांडायलंय हे?"

मी हसले.
"कामून हसायलाव?"

तेवढ्यात माझी वाक्यं सुरू झाली,
बांध, दगड, सनावळी.
मान वाकडी करून त्यांनी
एक गाठ दातांनी ओढली.
"ही बाई उपाशी हाय का वं?"

होते.
पैसे शेवटच्या थांब्यानंतर मिळणार होते.
सकाळच्या एका चहावर
मी एक राजघराणं उभं केलं होतं,
संध्याकाळपर्यंत बुडवलंही होतं.
यातलं काही सांगितलं नाही.
ती मीच, हेही नाही.
म्हटलं, असेल.

"तिला म्हणावं,
जेवून बोलत जा."

पोराला फोन लावला.
सातव्यातल्या लाटा काढून टाक.
"मग तिथं काय टाकू, मॅडम?"
मी फोन पाण्याकडं धरला.
म्हशीनं कान झटकला.
दोऱ्याची गाठ बसली, एक, मग दुसरी.
लांब कुणाची तरी बादली दगडावर टेकली.
"काहीच येईना, मॅडम."
येतंय, म्हटलं. आवाज वाढव.

आणि गंगासागरबाईंच्या कानात
मी केव्हाच आठव्या थांब्यावर पोचलेली,
डावीकडे वळा म्हणतेय.
त्या हललेल्या नाहीत.